वरून सांगितलं

हे तुम्ही केलंत. नाकारू नका, आणि कॅमेऱ्यासमोर तो दुःखी चेहराही करू नका. तुम्ही कोण, ते मावशीला ठाऊक नाही. तुमची खुर्ची कोणत्या मजल्यावर आहे, तुम्ही एक आहात की पाचजण, बाई की बुवा, काही ठाऊक नाही. पण एका पोरीची कंबर पडद्यावर बोटभर जाड दिसते म्हणून तिच्या खुब्यावरची पॅडं काढा, असं जे तोंड बोललं ते तुमचं होतं. आणि आज सकाळी साडेदहाला, कंपनीच्या तिसऱ्या मजल्यावरच्या काचेच्या खोलीत, त्या तोंडाचं पाप मावशीच्या हातांवर चढवणारा कागदही तुम्हीच पाठवलात.

"वाचून घ्या ताई. घाई नाही," कागद पुढे सरकवत तो माणूस म्हणाला. कंपनीच्या कायद्याच्या खात्यातला. तिशीचा, कडक इस्त्रीचा, बोलायला मऊ. त्याने नाव सांगितलं होतं, पण मावशीच्या मनात तो कागदवाला एवढाच राहिला. तिची नजर आधी त्याच्या कॉलरवर गेली. उजवं टोक डाव्यापेक्षा सूतभर लांब. एवढा महागाचा शर्ट आणि असली शिवण! मग तिने चष्मा लावला.

'खुब्याच्या ठिकाणची संरक्षक पॅडं काढण्याचा निर्णय मी स्वतःच्या जबाबदारीवर, कोणाच्याही सूचनेविना घेतला.' खाली तिचं नाव, हुद्दा: शिवणकाम. त्याखाली सहीसाठी रेघ.

"हे खोटं आहे," मावशी म्हणाली.

"पॅडं काढली तुम्हीच ना?"

"काढली मीच."

"मग खोटं काय त्यात?"

"सांगितलं वरून."

कागदवाल्याने फाइलमधून एक फोटो काढून टेबलावर ठेवला. मावशीने तो लांबूनच ओळखला. तिच्याच हातची पट्टी.

मावशी सव्वीस वर्षं कपडेपटात होती. सिनेमातले कपडे जिथे बेततात, शिवतात, जपतात, त्या खात्यात. तिला हे काम शिकवलं एका म्हाताऱ्या मास्तरांनी. त्यांची एक शिस्त होती. प्रत्येक कपड्याच्या आत, मानेच्या मागे अस्तराखाली, बोटभर रुंदीची पांढरी पट्टी शिवायची आणि कपड्यात जो बदल होईल तो धुतल्यावर न जाणाऱ्या शाईने त्या पट्टीवर लिहायचा. तारीख, काय केलं, कोणी सांगितलं. मास्तर म्हणायचे, "उद्या बाही आखूड झाली म्हणून बोंब उठेल तेव्हा तू तोंड उघडू नकोस. अस्तर उघड." सव्वीस वर्षं तिने तेच केलं होतं. 'काखेत एक सूत सैल. मॅडमनी सांगितलं.' 'कॉलर उंच. सरांनी सांगितलं.' 'गुडघ्याला दुहेरी कापड. उड्या मारणाऱ्या पोरीने मागितलं.' तिच्या पट्ट्यांपुढे पोलिसांच्या वह्या झक मारत.

आणि आयुष्यात एकदाच, एकदाच तिने कोणाचं नाव लिहिलं नव्हतं. फोटोत ती ओळ स्वच्छ दिसत होती. 'दोन्ही पॅडं काढली. वरून सांगितलं.'

"अक्षर तुमचंच?"

"माझंच."

"वरून म्हणजे कोण?"

मावशीने चष्मा काढून पदराने पुसला.

"ताई, वरून हे काही माणसाचं नाव नाही. असं उद्या कोणीही काहीही लिहील." त्याने पाण्याचा ग्लास तिच्याकडे सरकवला. "तुम्हाला त्रास द्यायचा नाहीये कोणाला. कामही जाणार नाही तुमचं, फक्त खातं बदलेल. आणि त्या मुलीचं दुसरं ऑपरेशन व्हायचंय, माहीत आहे ना? हे मिटलं की लगेच तारीख मिळेल. नाही मिटलं तर चौकशी बसेल. चौकशी चालू असताना कंपनीला दवाखान्याचं काही करता येत नाही. नियम आहे तसा."

"हा नियम कोणी केला?"

"तो वरून..." कागदवाला म्हणाला आणि थबकला. त्याचे कान लाल झाले. "चार वाजेपर्यंत विचार करा," तो म्हणाला.

सिनेमांची मालिका होती ती, पाचवा भाग. त्यात एक नायक, त्याचे चार मित्र, आणि उल्का. आकाशातून पडून आलेली, जगातली सगळ्यांत ताकदवान बाई. चार भागांत तिने पूल उचलला, आगगाडी हातांनी थोपवली, एकदा तर चंद्रावरून ढकललेला दगड छातीवर झेलला. पण चार भागांत उल्काला बसलेलं कोणी पाहिलं आहे? पाहणार कसं? त्या सूटमध्ये बसताच येत नाही. पहिल्या भागात त्याला निदान कापडाचा पोत होता. दर भागाला वरून निरोप यायचा, अजून घट्ट, अजून पातळ. पाचव्यात तो सूट म्हणजे अंगाला फासलेला रंग झाला. पाठीला चेन लावायची नाही, रेघ दिसते म्हणून. रोज सकाळी मावशीने उल्काला आत घालून पाठीवर शिवून टाकायचं, संध्याकाळी उसवायचं. मधे लघवीला जायचं तर उसवा, पुन्हा शिवा. तेवढा वेळ कोणी देईना, म्हणून उल्काचं काम करणाऱ्या मॅडम सकाळपासून पाणी पीत नसत. आणि मॅडमच्या जागी उड्या मारणारी पोरगीही पीत नसे. बाहेर पोस्टरवर काय लिहिलेलं? 'प्रत्येक स्त्रीच्या आतली ताकद.' आत एका बाईला मुतायला सवड नाही, आणि म्हणे ताकद!

नायकाचा सूटही मावशीच शिवायची. त्याला छातीवर तीन बोटं स्पंज, दंडावर दोन, मांड्यांवर दोन, पोटाला वेगळे सहा तुकडे. त्याला गच्चीवरून ढकलला असता तरी चेंडूसारखा उसळून परत वर गेला असता. त्याला ढकलायचं नव्हतंच, त्याच्या उड्या संगणकावर काढायच्या होत्या. तो जाड दिसतो असं कधी कुणाच्या डोळ्यांत खुपलं नाही.

उडी मारायची होती ती पोरीला. तिला सगळे उडीच म्हणत. चोवीस वर्षांची, हाडकुळी, तोंडाने फटकळ. दुसऱ्या भागाच्या वेळी तिचा खुबा काळानिळा झाला तेव्हा मावशीने स्वतःहून दोन पॅडं केली. रबराचा थर, वर नमद्याचा, म्हणजे दाबलेल्या लोकरीचा, पुन्हा रबराचा. तळहाताएवढी, कडेला झिरझिरीत पातळ केलेली, म्हणजे सूटच्या आत कळू नयेत. तीन भाग ती पॅडं उडीच्या खुब्यावर होती आणि तीन भागांत उडी एकदाही लंगडली नव्हती.

मग तो दिवस. सव्वा महिन्यापूर्वीचा. सकाळी मावशी उडीला पाठीवर शिवत होती तेवढ्यात कपडेपटाचा प्रमुख आत आला. फोनवर त्याच्या तोंडून 'हो, हो' याखेरीज दुसरा शब्द फुटत नसे, म्हणून पाठीमागे तो होहो. तोंडावर सर.

"मावशी, ती पॅडं काढून टाक."

"का?"

"कंबर जाड दिसतेय. कालचं शूटिंग बघितलं त्यांनी."

"कोणी?"

"वरून आलंय ग."

"सर, आज उडी आहे. सिमेंटच्या कठड्यावर कुशीवर उतरायचंय तिला."

"दोर बांधलाय ना तिला?"

"दोर पोटाला बांधलाय. जमीन खुब्याला लागते."

होहोने घड्याळ पाहिलं. "मला नको सांगूस. मला आलं, मी तुला दिलं. आणि तुझ्या त्या पट्टीवर माझं नाव टाकू नकोस हं. मी काय, मी मधला माणूस."

मावशी सुई तशीच धरून उभी राहिली. उडीनेच मान वळवली. "काढ ग मावशी. बाहेर माझ्या मापाच्या अकरा जणी उभ्या आहेत. तू नाही म्हणालीस तर बारा वाजेपर्यंत त्यातली एक शिवून तयार असेल." मग हसली. "बरंय की. कंबर बारीक असली की जमिनीला नेम धरायला कमी जागा."

मावशीने उसवलं. निर्णय तिचा नव्हता, पण हात तिचेच होते, आणि ते ती कधी नाकारणार नाही. स्वतःच्या हाताने, नखाने टाका उचलून, दोन्ही बाजूंनी पॅडं ओढून काढली. मग पट्टी उलटी करून लिहायला घेतलं. तारीख लिहिली. काढली लिहिलं. कोणी, तिथे पेन अडलं. दाराशी होहो उभा होता. तिने लिहिलं, वरून सांगितलं. शाई वाळायच्या आत तिला कळलं होतं की मास्तर असते तर त्यांनी हातावर फूटपट्टी मारली असती.

पावणेतीनला दोर जरा जास्त ताणला गेला. वीतभर. उडी वळली, पण कठडा आधी आला. हाड मोडल्याचा आवाज मावशीने ऐकला, ती चाळीस पावलांवर होती. लाकडी फळी मधोमध तुटते तसा. ती धावली. दवाखान्याची माणसं म्हणाली, सूट काढा, पाय सुजतोय. मावशीने कात्री घेतली. आणि वरच्या भोंग्यातून आवाज आला, "कापू नका! सूट एकच आहे, उद्या मॅडमचा शॉट आहे! उसवा!"

पाठीवर एकशे चाळीस टाके होते. पोरगी ओरडत होती. भोंगा म्हणत होता उसवा.

मावशीने मानेपासून घोट्यापर्यंत सूट कापून काढला. सव्वीस वर्षांत केलेल्या कामात तेवढं एकच काम असं होतं, ज्याची तिला आज लाज वाटत नव्हती.

काचेच्या खोलीतून बाहेर पडल्यावर तिने जिन्यातच होहोला फोन लावला. होहो सव्वा महिन्यापासून रजेवर होता.

"सर, वरून म्हणजे कोण?"

"हो, हो, मावशी. कशी आहेस?"

"त्या दिवशी तुम्हाला फोन कोणी केला होता?"

"अगं, ऑफिसातून आला होता."

"ऑफिसात कोणी?"

"त्या पोरीने केला, फोन करणारी असते ना, ती."

"तिला कोणी सांगितलं?"

"आता मावशी, तिला काय, तिलाही वरूनच आलं असणार ना!" होहो चिडला. मग आवाज खाली गेला. "सही करून टाक. तू काय, मी काय. आपली नावं कोण लक्षात ठेवतंय?"

"म्हणूनच माझं हवंय ना त्यांना," मावशी म्हणाली आणि फोन ठेवला. होहोचा राग येत नव्हता तिला. किळस येत होती. त्याची, आणि त्या दिवशी दाराकडे बघून पेन थांबवलेल्या स्वतःच्या हाताची.

दवाखान्याच्या फाटकासमोर उल्का चार मजले उंच उभी होती. हात कमरेवर, पाय फाकून, केस उडतायत. खाली एक ओळ, 'ती कधीच पडत नाही.' मावशीने ती पूर्ण वाचली आणि रस्त्यावर थुंकली. आयुष्यात पहिल्यांदा. शेजारून जाणारा गृहस्थ दचकून बाजूला झाला.

उडी खाटेवर होती, उजवा पाय उचलून वजनाला बांधलेला. तिची आई औषधं आणायला खाली गेली होती.

"आलीस? ये. टाच दुखतेय बघ, सगळं सोडून टाच," उडी म्हणाली. "हाड तुटलं खुब्याचं आणि रडतेय टाच."

मावशीने पिशवीत हात घातला. सव्वा महिना ती पॅडं पिशवीत घेऊन फिरत होती, का ते तिलाही सांगता आलं नसतं. त्यातलं एक काढून तिने हलकेच उडीच्या डाव्या टाचेखाली सरकवलं.

उडीने पाहिलं. ओळखलं.

मावशीने कागदाचं सांगितलं. सही, खातं, चौकशी, ऑपरेशन, चार वाजेपर्यंत. एका दमात सांगून टाकलं, न थांबता, सुई बोटात गेल्यावर बोट झटकतात तसं. "मी करते सही," ती म्हणाली. "माझं काय जायचंय? तुझा पाय सरळ होईल."

तेवढ्यात नर्स आत आली, हातात मोबाइल, चेहरा फुललेला. "अहो, आला! नव्या भागाचा ट्रेलर आला! माझी लेक रोज टॉवेल बांधून पलंगावरून उड्या मारते उल्का उल्का करत. तुम्ही आहात ना यात? दाखवा ना कुठे ते."

तिने मोबाइल उडीसमोर धरला. तिघी बघू लागल्या. इमारती कोसळल्या, नायक ओरडला, गाडी पेटली. मग उल्का आकाशातून खाली आली. वळली. कठडा. खुबा. ती आपटली, तोंड उघडलं, आणि त्या तोंडातून मॅडमचा आवाज निघाला, नंतर भरलेला. पण पडली ती उडीच. शंकाच नको, मावशीचा सूट, मावशीचे टाके. पडलेल्या बाईला नायकाने आपल्या स्पंजाच्या दंडांवर उचललं आणि आकाशाकडे बघून गर्जना केली.

"अय्या, मरते का ती?" नर्स हळहळली. "सगळ्यांत ताकदवान म्हणतात आणि मरते?"

"ती मेली नाही तर त्याला राग कसा येणार, सिस्टर?" उडी म्हणाली. "आमचा रोल तेवढाच. मागे घ्या जरा. तिथेच. थांबवा."

मोबाइलवर पोरगी हवेत थांबली, कठड्याच्या हातभर वर.

"बघ मावशी," उडी म्हणाली. "कंबर बारीक दिसतेय."

नर्सला काही कळलं नाही. ती हसली, मग त्या दोघींकडे पाहून हसायची थांबली, आणि मोबाइल घेऊन निघून गेली. फेकून दिलं नव्हतं त्यांनी ते शूटिंग. मोडलेलं हाडही वाया जाऊ दिलं नव्हतं. कथा बदलली, उल्काला मारली, आणि ती पडझड सजवून ट्रेलरला लावली.

"सही करायची नाही," उडी म्हणाली.

"अगं पण पाय..."

"माझ्या पायाचा सौदा करायला तुला कोणी सांगितलं? तेही वरून आलं का?" मावशीचा चेहरा पडला, तशी तिने तिचा हात धरला. टाक्यांनी खरबरीत झालेला हात. "हे बघ. तू लिहून दिलंस शिंपिणीने काढली, की झालं. पुढच्या भागात दुसरी कोणी पोरगी येईल. तिचीही काढतील, तिथेही एक शिंपीण असेलच. शिंपिणींना काय तोटा?" तिने डावी टाच पॅडवर नीट सरकवून घेतली. "ऑपरेशन लांबेल तर लांबू दे. आई दुसरीकडे खटपट करतेय. मी लंगडेन. पण तुझी पट्टी खोटी निघाली तर मग या सबंध धंद्यात माझ्यासाठी खरं काय होतं, सांग ना."

मावशी पावणेचारला उठली. निघताना पॅडकडे हात गेला, तशी उडी म्हणाली, "ते राहू दे. बरं वाटतंय."

चार वाजता काचेच्या खोलीत कागद तिथेच होता, पेन त्यावर आडवं. कागदवाल्याने खुर्ची ओढून दिली. "बरं झालं आलात ताई."

मावशीने पिशवीतून उरलेलं पॅड काढून टेबलावर ठेवलं. तळहाताएवढं, काळपट, एका कडेला उसवलेल्या दोऱ्याची शेपटी.

"हे काय?"

"त्या पोरीचा खुबा," मावशी म्हणाली. "दुसरं तिच्या टाचेखाली आहे."

मग तिने कागद उलटा केला. मागची बाजू कोरी होती. तिने कंपनीचं पेन बाजूला सारलं, स्वतःचं काढलं, न जाणाऱ्या शाईचं, आणि पट्टीवर लिहायची तशा बारीक अक्षरात लिहिलं. तारीख. 'दोन्ही पॅडं काढली: मी. सूट कापला: मी. पॅडं काढायला सांगितलं:' आणि तिथे तिने जागा सोडली. कापड बेतताना शिवणीला माया सोडतात तशी. नाव, आडनाव, हुद्दा, सगळं बसेल एवढी. त्याखाली तिने सही केली आणि कागद फिरवून त्याच्यासमोर धरला.

"भरा."

"ताई, असं नाही चालत."

"मी माझं भरलंय. तुम्ही तुमचं भरा."

"मला कसं माहीत असणार कोण ते?"

"मग ज्याला माहीत आहे त्याला विचारा. मी बसलेय."

कागदवाल्याने तिच्याकडे पाहिलं, पॅडकडे पाहिलं, आणि नाइलाजाने फोन उचलला. तीन आकडे दाबले. खांदे आपोआप आवळले गेले. "हो," तो म्हणाला. "हो, हो. आहेत इथेच. नाही, सही हवी तशी नाही. हो... हो..." कानाला घट्ट लावलेल्या फोनमधून कुणाचा तरी आवाज बारीक, चिरका ऐकू येत होता. शब्द कळत नव्हते. बाईचा की बुवाचा तेही कळत नव्हतं.

मावशी उठली नाही. तिने हात लांब केला, तळवा वर, दोरा मागावा तसा.

"फोन इकडे द्या," ती म्हणाली, आणि फोन त्याच्या हातात असतानाच, पलीकडे ऐकू जाईल अशा आवाजात तिने विचारलं, "कोण बोलतंय? आधी नाव सांगा. वरून म्हणजे कोण?"